पूजेतली पेटी

“…आणि ही उघडली कधी व्हतीस?”

म्हाताऱ्यानं असंच विचारलं. अगदी याच शब्दांत. शपथेवर सांगतो, यातला शब्द न् शब्द खरा आहे. मी तिथंच होतो, सहा हातांवर, पोह्यांच्या पातेल्याला टेकून.

म्हणजे… टेकून झोपलो होतो. पण माझी झोप सावध असते. बायको म्हणते नसते. पण ती गडावर नव्हती.

गडाचं नाव सांगत नाही. सांगितलं तर तुम्ही शोधायला जाल, तिथं तुम्हाला नुसतं धुकं सापडेल, आणि मला थापाड्या म्हणाल. एवढंच सांगतो, की पौषातली सकाळ होती. ढग देवळाच्या एका दारानं आत येत होते, दुसऱ्या दारानं बाहेर जात होते, आणि जाताना कुणाकुणाला थोडा वेळ सोबत नेत होते. माझ्या शेजारची बाई दोनदा नाहीशी झाली. दोन्ही वेळा परत आली, तेव्हा माझ्याच ताटलीतले पोहे कमी झालेले होते.

असो. तर प्रश्न.

विचारणारा धाकूबाबा ढेबे. गडाच्या माचीवरचा धनगर. चार म्हशी, एक झोपडी, आणि कोकणात उतरणारी नाळ, एवढा त्याचा संसार. नाळ म्हणजे डोंगराच्या पोटातली दगडांनी भरलेली उभी घळ. चाळीस वर्षं जो कुणी त्या नाळेनं उतरला, तो बाबाच्या मागून उतरला. आता बाबाचे गुडघे गेले होते. पण बाबानं ‘हो’ म्हटल्याशिवाय त्या नाळेत कुणी पाऊल टाकत नसे. तसा काही कायदा नाही. पण नाही टाकत.

आणि ज्याला विचारलं तो निनाद हर्डीकर. पुण्याचा, पस्तिशीतला, आमच्या गिर्यारोहण मंडळाचा म्होरक्या. तीन वर्षं प्रत्येक सुट्टीला तो बाबाच्या मागं मागं फिरला होता. नाळेतला कुठला दगड हलतो, कुठल्या झाडाची मुळी धरायची नाही, सगळं त्याला पाठ. त्या सकाळी त्याला बाबाकडून एकच शब्द हवा होता. हो. तो मिळाला की आम्हा सतरा जणांना तो एकटा खाली उतरवणार होता. बाबाशिवाय. पहिल्यांदा.

त्यासाठी त्यानं सगळं सामान बाबापुढं मांडलं होतं. दोर, हूक, हेल्मेटं. आणि मध्यभागी, देव्हाऱ्यात ठेवावी तशी, लाल रंगाची प्रथमोपचाराची पेटी.

बाबानं दोराकडं बघितलंच नाही. पेटीवर बोट ठेवलं.

“आणि ही उघडली कधी व्हतीस?”

“उघडायची वेळच आली नाही बाबा.” निनाद हसला. “सहा वर्षं झाली. एकदाही नाही.”

“एकदाबी न्हाई?”

“एकदाही नाही.”

परीक्षेत पैकीच्या पैकी मिळालेलं पोर घरी येऊन जसं सांगतं, तसं सांगितलं त्यानं.

बाबानं पेटी फिरवून पाहिली. चारी कोपऱ्यांवर हळदीकुंकवाची बोटं. कडीत अडकलेला वाळका झेंडू. आणि भोवती लाल नाड्यांचे वेढे, एकावर एक, मधे पोटाशी फुगलेले.

“ही गाठ कुनाची?”

“सुलभाताईंची. दर खंडेनवमीला आम्ही दोर, हूक, पेटी, सगळं पाटावर मांडतो. आमची हत्यारं हीच ना. पहिल्या वर्षी ताईंनी पेटीला नाडा बांधला, आणि त्या वर्षी कुणाला साधं खरचटलंसुद्धा नाही. म्हटलं, राहू दे बांधलेली.”

“मंग?”

“मग दर वर्षी वरून एक.”

“म्हंजी सा नाडं.”

“सहा.”

“आन् सोडलं तर?”

निनादनं इकडंतिकडं पाहिलं. आवाज खाली आणला.

“मी तसलं काही मानत नाही हं बाबा. पण मंडळी म्हणतात… पेटी उघडली की कुणालातरी लागतं.”

बाबानं मान डोलावली. पटल्यासारखी.

“आतमधी काय हाय?”

याचीच निनाद वाट बघत होता. त्यानं डोळे मिटले आणि सुरुवात केली. चिकटपट्ट्या मोठ्या दहा, लहान वीस, जाळीचं कापड, कापूस, क्रेप बँडेज दोन, कात्री, चिमटा, आयोडीन, भाजल्यावरचं मलम, मीठ-साखरेची पाकिटं… आरतीच्या चालीवर नसलं तरी आरतीच्या वेगानं. कुठं अडखळला नाही.

“बेचाळीस वस्तू,” तो म्हणाला.

“तुला समदी पाठ हाय.”

“पाठ आहे.”

“पेटीलाबी हाय का?”

निनादला हे कळलं नाही. मलाही नाही कळलं. पण मी झोपेत होतो, मला सवलत आहे.

“बरं,” बाबा म्हणाला. “तुझ्या मान्सांत कितीजनांस्नी लागलंय?”

“कुणालाच नाही! काल चढून आलो, सतरा जण, एकाला ओरखडा नाही. थांबा.” निनादनं देवळाकडं तोंड करून हाक दिली. “काय मंडळी, कुणाला काही लागलंय का?”

“नाऽऽही!” धुक्यानं एका सुरात उत्तर दिलं. त्यात माझाही आवाज होता. झोपेतसुद्धा मी मंडळाशी एकनिष्ठ असतो.

बाबा उठला. झोपडीत गेला. घोंगडी आणून देवळापुढच्या दगडावर अंथरली. मग आणली पिशवी.

त्या पिशवीबद्दल सांगायला हवं. खाकी कापडाची, चार ठिकाणी ठिगळं, तोंडाला सुतळी. लोक म्हणत, नाळेत कुणी पडायच्या आधी घटकाभर ती पिशवी आपोआप कुरकुरते, आणि बाबा सुतळी सोडून वाट बघत बसतो. मी हे डोळ्यांनी पाहिलेलं आहे. निदान ज्यानं पाहिलं, त्याला मी डोळ्यांनी पाहिलेलं आहे.

बाबानं सुतळी सोडली. धुतलेल्या कापडाच्या घड्या, पट्ट्या, बाटली, सुई, चिमटा, पाकिटं, सगळं घोंगडीवर ओळीनं काढून ठेवलं. मग मांडी घातली आणि डोळे मिटले.

“काय करताय बाबा?”

“बसलोय.”

“पण नाळेचं…”

बाबानं डोळे उघडले नाहीत.

निनाद उभा राहिला. कुठंतरी म्हशीच्या गळ्यातली घंटा वाजली. म्हशी मात्र कुठंच नव्हत्या. एक ढग आला, घोंगडीवर जरा टेकला, निघून गेला…

आणि तो गेला त्या जागी सुलभाताई उभ्या होत्या.

सुलभाताई म्हणजे मंडळातल्या सगळ्यांत थोरल्या. निवृत्त मुख्याध्यापिका. नाडे बांधणाऱ्या त्याच.

“मी आपली नुसती बघायला आले हो,” त्या म्हणाल्या.

“बगा की.”

त्या बघत राहिल्या. मग घोंगडीच्या कडेला बसल्या. मग सलवार गुडघ्यापर्यंत वर केली. गुडघा… नारळ म्हणा. सोललेला नव्हे, सालासकट.

“ताई!” निनाद ओरडला. “हे कधी?”

“काल. दुसऱ्या टप्प्यावर. किरकोळ आहे रे.”

“मग बोलला का नाहीत?”

“माझ्यापायी पेटी उघडायची? मीच बांधलेली?” त्यांनी असं विचारलं, की जणू निनादच चुकला होता.

बाबानं बँडेज बांधलं. खालून वर, बेतानं, मधे बोट घालून बघत. ताईंनी हुश्श केलं. ते हुश्श सगळ्या माचीवर ऐकू गेलं असणार.

कारण मग ते यायला लागले.

एकेक जण. धुक्यातून. आधी नुसती सावली, मग बूट, मग ओशाळलेलं तोंड. लांबुळका सॉफ्टवेअरवाला आला, त्याच्या दोन्ही टाचांना फोड. वर त्यानं चॉकलेटचे कागद चिकटवले होते. एक नवं जोडपं आलं, पण वेगवेगळ्या बाजूंनी. तिच्या तळहातात काटा मोडलेला, आणि ते नवऱ्याला सांगायचं नव्हतं. त्याला पहाटेपासून गरगरत होतं, आणि ते बायकोला सांगायचं नव्हतं. घोंगडीवर दोघांची गाठ पडली.

“तू?”

“तू?”

“आधी पानी प्या,” बाबा म्हणाला, आणि पाकीट फोडून तांब्यात ढवळलं.

कुणाचं कोपर, कुणाची पोटरी, कुणाची भुवई. सगळ्यांचं म्हणणं एकच. किरकोळ आहे हो. आपल्यामुळं नको. सहा वर्षांत नाही उघडली ती आपल्यामुळं नको.

मी मोजले. बावीस जण आले.

आम्ही होतो सतरा, आणि त्यातला मी उठलोच नव्हतो. उरलेले कुठून आले ते मला विचारू नका. एकाच्या पायात जुन्या पद्धतीचे खिळे मारलेले बूट होते, अंगात खाकी अर्धी चड्डी. तो आला, त्यानं घोटा पुढं केला, बाबानं त्याला ओळखल्यासारखा बांधला. “लई उशीर केलास,” एवढंच बाबा त्याला म्हणाला. तो हसला आणि ढगात परत गेला. त्याला अजून बरंच उतरायचं होतं असं वाटलं.

मग कुणी येईना.

दगडावर फक्त रिकामी घोंगडी उरली.

निनाद अजून उभाच होता. उन्हात बर्फ ठेवावा तसा त्याचा चेहरा गळत चालला होता.

“ये,” बाबा म्हणाला.

“मला काही नाही झालं.”

“चहा डाव्या हातानं पिलास.”

“सवय आहे.”

“कालपास्नं?”

निनादच्या उजव्या हातात दोर धरायचा चामडी मोजा होता. काल संध्याकाळपासून तो काढलेला नव्हता. जेवताना नाही, झोपताना नाही.

शेवटी त्यानं मोजा काढला. हळूहळू, एकेका बोटावरून. तळव्याची साल एका रेषेत सोलून निघाली होती. पायऱ्यांच्या शेवटच्या मोडक्या टप्प्यावर सामान ओढून घेताना दोर सरसर निसटला होता हातातून. भोवतीचं लाल झालेलं, टरारलेलं. बोटं मिटत नव्हती.



मग सुलभाताई बोलल्या, शाळा सुटायच्या आधीच्या शांत आवाजात.

“निनाद. या हातातल्या दोरावर आम्ही सतरा जण लोंबकळणार होतो?”

निनाद खाली बसला.

बाबानं पिशवी उचलली. उलटी केली. झटकली. चिमूटभर धूळ पडली.

“माझी सपली,” तो म्हणाला. “आता तुजी उघड.”

निनादनं डाव्या हातानं गाठ धरली. सहा पावसाळ्यांनी ती दगड करून ठेवलेली. ओढली, चावली. हलेना.

“कात्री हाय का?” बाबानं विचारलं.

“आहे,” निनाद म्हणाला. “…आत.”

धुक्यात कुणीतरी फिस्कन हसलं. मी नव्हतो.

शेवटी सुलभाताईंनीच बाबाचा कोयता घेतला आणि नाडे कापले. एकेक. सहावा कापताना त्यांनी डोळे मिटून घेतले. सगळे जरा मागं सरकले. काही होईल अशी वाट पाहिली.

काही झालं नाही. झाकण उघडलं. जुन्या झेंडूचा वास आला.

निनादनं एकेक वस्तू काढली. चिकटपट्टी सोलली, तर गोंद कागदालाच राहिला, कातड्याला चिकटेना. आयोडीनच्या बाटलीत तळाला एक तपकिरी कडं, बाकी हवा. मलमाची नळी खडूसारखी. क्रेप बँडेज ताणलं, तर त्यातलं रबर पिठासारखं भुरभुरलं. कात्रीचे दोन्ही पाय गंजानं एकमेकांना कायमचे बिलगलेले. मीठ-साखरेच्या पाकिटांचे खडे झालेले. गोळ्यांच्या पट्टीवरची तारीख चार वर्षांपूर्वीची.

कापसात मुंग्यांनी घर केलं होतं. त्या मात्र धडधाकट होत्या, अंड्यांसकट.

त्यानं सगळं मोजलं. बेचाळीस. एकही कमी नव्हती.

“बाबा,” तो म्हणाला, “मी दर वर्षी पूजा केली हिची.”

“दिसतंय की.” बाबानं पेटीवरच्या कुंकवावरून अंगठा फिरवला. “भाईरनं लई झ्याक हाय.”

मग त्यानं चुलीवरचं उकळून निवत ठेवलेलं पाणी आणलं. निनादचा हात धरला आणि त्यावरून धार सोडली. निनादचं तोंड वेडंवाकडं झालं, पण हात त्यानं ओढून घेतला नाही. बाबानं झोपडीच्या दांडीवरचा धुतलेला पटका काढला, त्याची पट्टी फाडली. बांधता बांधता निनादनं विचारलं,

“तुमची पिशवी कोण भरतं बाबा?”

“कोन भरनार? बाजाराच्या दिशी घोंगडीवर उलटी करतो. नासलं ते टाकतो, सपलं ते आनतो. मला तारखा वाचाय येत न्हाईत. खालच्या गावात नर्सबाई हाईत, त्या वाचून देत्यात.”

“दर बाजाराला?”

“मंग? तू दर दिशी जेवतोस का न्हाई?”

निनाद म्हणाला,

“तीन वर्षं मी तुमच्याबरोबर बाजाराला आलो. मला वाटायचं, तुम्ही तंबाखूसाठी जाता.”

“तंबाकूबी आनतो,” बाबा म्हणाला.

गाठ बसली. बाबानं त्याचा हात सोडला.

आणि तेवढ्यात ढग फाटला.

असं कधीतरीच होतं. समोर नाळ उघडी पडली, वरपासून खालपर्यंत. दगडांवर कोवळं ऊन. पार तळाशी कोकण, हिरवं, ओलं, एखाद्या वाटीत ठेवल्यासारखं. एका घरातून निघालेला धूर दिसला. कुणीतरी तिकडं आपल्यासाठी भात टाकलाय असं प्रत्येकाला वाटलं. सतरा जण श्वास रोखून कड्याशी उभे. निनादही. तीन वर्षं तो याच वाटेकडं बघत आला होता. आता फक्त एक शब्द हवा होता, आणि तो द्यायला बाबा समोरच बसला होता.

निनादनं बाबाकडं पाहिलं. बाबा तोंड धूत होता.

मग निनाद आमच्याकडं वळला.

“नाळ आज नाही,” तो म्हणाला. “आल्या वाटेनं, पायऱ्यांनी खाली जायचं. ताईंना मधे घ्या.”

एकच गलका झाला.

“अरे, असं काय करतोस! मी ऑफिसात सगळ्यांना सांगून आलोय!” सॉफ्टवेअरवाला.

“सांग माझ्यामुळं राहिलं.”

“एवढं बांधलंय की आता सगळ्यांना,” नवा नवरा म्हणाला. “आता काय होणार आहे?”

“आणि झालं तर काय बांधू? मुंग्या?”

निनादनं पेटी उलटी केली, नासलेलं सगळं एका थैलीत भरलं. मुंग्यांचा कापूस मात्र उचलून जपून कड्याच्या सांदीत ठेवला. रिकामी पेटी पाठीला लावली. मग बाबाची पिशवी घडी करून खिशात घातली.

“परवा बाजार ना बाबा? दोन्ही भरून आणतो. तारखा वाचून.”

सुलभाताईंनी कापलेले नाडे गोळा केले. जरा वेळ हातात धरले. मग त्यांतला एक उलगडून सॉफ्टवेअरवाल्याच्या सुटलेल्या बुटाला बांधला.

ढग मिटला. नाळ गेली, कोकण गेलं, तो धूर गेला.

निनाद बाबाच्या पाया पडायला वाकला.

आता कबुली. सुरुवातीला शपथ घेतली आहे, म्हणून द्यायलाच हवी. बावीस जण आले ते खरं. खिळ्यांच्या बुटाचा माणूस खरा, वाटल्यास पिशवीला विचारा. खोटं आहे ते एवढंच, जे आता पुढं येतंय. निनाद वाकला आणि बाबा त्याच्या कानाशी काहीतरी बोलला. पण नेमका तेव्हाच मी खराखुरा झोपलो. जाग आली तेव्हा पातेलं पालथं होतं आणि सगळे पायऱ्यांना लागले होते. पुढं निनादला मी हजारदा विचारलं. सांगत नाही. म्हणून मलाच एक वाक्य करावं लागलं. त्याला मला दोन वर्षं लागली. परवा निनादला वाचून दाखवलं. तो ‘हो’ म्हणाला नाही. ‘नाही’ही म्हणाला नाही.

निनाद वाकला तेव्हा बाबानं त्याच्या डोक्यावर हात ठेवला, आणि म्हणाला,

“पुढल्या बारीला मला इचारू नगंस.”